मामा वरेरकर : जीवन आणि नाट्यदृष्टी

आधुनिक मराठी नाटकाच्या इतिहासलेखनात १ जुलै १९३३ ही तारीख सामान्यतः विभाजक रेषा मानली जाते. ‘नाट्यमन्वंतर’ या संस्थेने त्या दिवशी मुंबईत श्री. वि. वर्तक यांचे ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणले. नॉर्वेजियन नाटककार ब्यर्नसन याच्या नाटकावर आधारलेल्या या प्रयोगात स्त्रीभूमिका स्त्रियांनी केल्या, पदांची संख्या अगदी मर्यादित राहिली आणि रंगमंचावर समकालीन मध्यमवर्गीय घर उभे राहिले. नव्या नाटकाचा आरंभ येथून झाला, हे विधान अभ्यासक्रमांतून आणि परीक्षांच्या उत्तरपत्रिकांतून इतके रुळले आहे, की त्या रेषेपूर्वी काय घडले होते याचा विचार क्वचितच केला जातो. ही रेषा आखली गेली त्या वेळी भार्गवराम विठ्ठल तथा मामा वरेरकर यांच्या नाट्यलेखनाला पंचवीस वर्षे झाली होती. हुंडा, धर्मांतर, असहकार, अस्पृश्यता आणि गिरणी कामगारांची स्थिती हे विषय त्यांनी तोवर रंगभूमीवर आणलेले होते, आणि तेही कोणत्याही प्रायोगिक मंडळाच्या आश्रयाने नव्हे, तर तिकीटविक्रीवर जगणाऱ्या संगीत नाटक मंडळीच्या आधाराने. मराठी नाटकातील परिवर्तन एका रात्री बाहेरून आले नाही. जुन्या संगीत रंगभूमीच्या पोटातच ते हळूहळू, तडजोडी करीत घडत होते, हे वरेरकरांच्या चरित्रावरून स्पष्ट होते. त्या तडजोडींची किंमत मात्र त्यांच्या वाङ्मयीन कीर्तीला द्यावी लागली. प्रस्तुत लेखात त्यांच्या जीवनाचा आणि नाट्यदृष्टीचा विचार या अंगाने केला आहे.

दक्षिण कोकणातील जडणघडण

वरेरकरांचा जन्म २७ एप्रिल १८८३ रोजी चिपळूण येथे झाला. त्या काळचा रत्नागिरी जिल्हा उत्तरेस बाणकोटपासून दक्षिणेस वेंगुर्ल्याच्या पलीकडे गोव्याच्या सीमेपर्यंत पसरलेला होता. आजचा सिंधुदुर्ग जिल्हा त्यातून १ मे १९८१ रोजी वेगळा झाला. म्हणूनच वरेरकरांचा उल्लेख कधी रत्नागिरीचे, तर कधी मालवणचे म्हणून होतो आणि दोन्ही उल्लेख यथार्थ ठरतात. त्यांचे बालपण मालवण परिसरात गेले, शिक्षणाचा काही काळ रत्नागिरीस गेला. महाविद्यालयीन शिक्षण त्यांच्या वाट्याला आले नाही. त्या काळातील कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर, श्रीपाद कृष्ण कोल्हटकर या अग्रगण्य नाटककारांपाशी विद्यापीठाच्या पदव्या होत्या. संस्कृत आणि इंग्रजी नाटकांशी त्यांचा परिचय वर्गात झालेला होता. वरेरकरांना ही सर्व शिदोरी स्वतः गोळा करावी लागली. त्यांच्या व्यक्तिमत्त्वातील जिद्द आणि काहीशी आक्रमक आत्मप्रतिष्ठा या दोहोंचे मूळ या परिस्थितीत शोधता येते.

मालवणच्या परिसराने त्यांना आणखी एक गोष्ट दिली. दक्षिण कोकणात ग्रामदेवतांच्या जत्रांतून रात्रभर चालणारे दशावतारी खेळ ही नाट्याची जिवंत परंपरा आहे. गणपती, संकासुर आणि सूत्रधार यांच्या पूर्वरंगानंतर पौराणिक आख्यान उभे राहते. त्याला लिखित संहिता नसते. कथानकाची रूपरेषा ठरलेली असते आणि नट समोरच्या प्रेक्षकांचा अंदाज घेत संवाद तेथल्या तेथे रचतो. स्त्रीपात्रे पुरुषच रंगवतात, साथीला पेटी, मृदंग आणि झांज एवढीच वाद्ये असतात. या खेळांचे संस्कार वरेरकरांवर बालवयातच झाले. त्यांच्या पुढील नाटकांतील संवादाकडे पाहिल्यास या संस्काराचे महत्त्व ध्यानात येते. त्यांची पात्रे अलंकृत वाक्ये पाठ म्हणत नाहीत. ती वाद घालतात, टोमणे मारतात, एकमेकांचे बोलणे तोडतात. कोटिबाज किंवा संस्कृतप्रचुर भाषेला सरावलेल्या रंगभूमीवर हा बोलका गद्याचा प्रवाह वेगळा होता. त्याचा उगम केवळ पाश्चात्त्य नाटकांच्या वाचनात नाही, कोकणातील या मौखिक नाट्यपरंपरेतही आहे, असे म्हणणे सयुक्तिक ठरते.

पाश्चात्त्य नाटकांशी त्यांचा परिचय होण्यास रत्नागिरीचे वास्तव्य कारणीभूत ठरले. वनस्पतिशास्त्रज्ञ म्हणून ख्याती पावलेले आणि मराठीतही लेखन करणारे डॉ. कान्होबा रणछोडदास कीर्तिकर यांचा सहवास त्यांना लाभला. त्यांच्यामुळे इब्सेन, मोल्येर यांसारख्या नाटककारांची ओळख वरेरकरांना झाली. विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर, जेथे रेल्वे पोहोचलेली नव्हती आणि मुंबईशी दळणवळण मुख्यतः आगबोटीने होत असे अशा गावात एका पदवीहीन तरुणाच्या हाती इब्सेन पडावा, ही घटना वाङ्मयेतिहासाच्या दृष्टीने लक्षणीय आहे. मराठीत इब्सेनची चर्चा प्रामुख्याने १९३० नंतरच्या मुंबई-पुण्याच्या सुशिक्षित वर्तुळाशी जोडली जाते. वरेरकरांपर्यंत तो त्याच्या कितीतरी आधी पोहोचला होता.

टपालखात्यातील नोकरी आणि पहिली नाटके

उपजीविकेसाठी वरेरकरांनी टपालखात्यात नोकरी धरली आणि ती बराच काळ केली. चरित्रलेखनात या नोकरीचा उल्लेख सहसा एका ओळीत उरकला जातो. वस्तुतः कोकणातील टपालकचेरी हे त्या काळच्या समाजाचे दर्शन घडवणारे ठिकाण होते. १८८० साली टपालखात्याने मनीऑर्डरची पद्धत सुरू केली. मुंबईच्या गिरण्यांत काम करणाऱ्यांमध्ये रत्नागिरी जिल्ह्यातून गेलेल्यांचा भरणा फार मोठा होता आणि त्यांच्या मनीऑर्डरीवर येथील असंख्य घरे चालत. चाकरमान्याची पत्रे, त्यांची वाट पाहणाऱ्या बायका, कर्जाचे आणि लग्नाचे व्यवहार, न आलेल्या पैशांची विवंचना हे सारे टपाल कर्मचाऱ्याच्या डोळ्यांसमोरून जाई. पुढे गिरणी कामगारांच्या जीवनावर लिहिताना वरेरकरांना हा विषय परका वाटला नाही, याचे एक कारण या अनुभवात असावे.

त्यांचे रंगभूमीवर आलेले पहिले नाटक म्हणजे ‘कुंजविहारी’. स्वदेशहितचिंतक नाटक मंडळीने ते १९०८ साली सादर केले. कृष्णकथेवर उभारलेले हे संगीत नाटक त्या काळच्या रूढ पठडीतलेच होते. या पठडीचे स्वरूप येथे लक्षात घेतले पाहिजे. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘सौभद्रा’त शंभरांहून अधिक पदे होती, आणि पुढील नाटककारांनी ही संख्या कमी केली तरी गायक नटाच्या लोकप्रियतेवरच मंडळीचे उत्पन्न अवलंबून राहिले. नाटक मंडळी म्हणजे नट, साथीदार, पडदे रंगवणारे, आचारी आणि नोकर असा मोठा संसार असे. तो गावोगाव हलवावा लागे आणि सर्वांच्या पगाराची व जेवणाची तरतूद करावी लागे. नव्या नाटककाराला या व्यवस्थेत शिरायचे, तर तिच्या अटी मान्य करूनच शिरणे भाग होते. वरेरकरांनी त्या मान्य केल्या. त्यांचे वेगळेपण अटी नाकारण्यात नव्हते, त्या अटींच्या मर्यादेत विषय बदलून टाकण्यात होते.

ललितकलादर्श आणि प्रश्नांचे नाटक

केशवराव भोसले यांनी १ जानेवारी १९०८ रोजी हुबळी येथे ‘ललितकलादर्श’ ही मंडळी स्थापन केली होती. या मंडळीशी जुळलेला संबंध हा वरेरकरांच्या जीवनातील निर्णायक योग ठरला. १९१६ साली या मंडळीने त्यांचे ‘हाच मुलाचा बाप’ रंगभूमीवर आणले. हुंड्याची प्रथा हा त्याचा विषय. १९१४ च्या जानेवारीत कलकत्त्यातील स्नेहलता या मुलीने आपल्या लग्नापायी वडील देशोधडीला लागू नयेत म्हणून स्वतःला जाळून घेतले होते आणि त्या घटनेने देशभरातील सुशिक्षित समाज हादरला होता. या वातावरणात वरेरकरांनी वरपित्याच्या लोभाची रेवडी उडवणारे नाटक लिहिले. विषय करुण असूनही मांडणी उपहासाची आहे. येथे देवलांच्या ‘शारदे’ची आठवण होणे स्वाभाविक आहे. १८९९ सालच्या त्या नाटकाने बालावृद्धविवाहाचा प्रश्न मांडून सामाजिक नाटकाचा पाया घातला होता. वरेरकर त्या परंपरेचेच वारस होते. परंतु देवलांच्या नाटकात कन्येची असहायता केंद्रस्थानी आहे, तर वरेरकरांच्या नाटकात तरुण पिढीने वडीलधाऱ्यांच्या व्यवहाराला दिलेले आव्हान केंद्रस्थानी येते. सोळा-सतरा वर्षांच्या अवधीत समाजमनात पडलेले अंतर या दोन नाटकांतून मोजता येते.

१९१९ साली आलेल्या ‘संन्याशाचा संसार’मध्ये त्यांनी धर्मांतर आणि शुद्धीचा प्रश्न हाताळला. परधर्मात गेलेल्या व्यक्तीला परत घेण्यास हिंदू समाज का कचरतो, हा त्यातील पेच होता. गोवा आणि कोकणच्या किनाऱ्यावर धर्मांतराचा इतिहास जुना असल्याने या विषयाला त्या प्रदेशात विशेष धार होती. असहकारितेच्या चळवळीने जोर धरला त्या सुमारास वरेरकर सरकारी नोकरीतून मोकळे होऊन पूर्णपणे लेखनाकडे वळलेले होते. नोकरीच्या बंधनात राहून राजकीय नाटक लिहिणे दुरापास्तच होते. १८७६ च्या नाट्यप्रयोग कायद्याची टांगती तलवार सर्वच नाटककारांवर होती, आणि खाडिलकरांच्या १९०७ सालच्या ‘कीचकवधा’वर १९१० मध्ये आलेल्या बंदीचे उदाहरण ताजे होते.

केशवराव भोसले यांचे ४ ऑक्टोबर १९२१ रोजी अकाली निधन झाले. मंडळीचा आधारस्तंभच कोसळला. अशा वेळी बापूराव पेंढारकर यांनी ‘ललितकलादर्श’ची धुरा उचलली आणि वरेरकरांच्या नाटकांवर भिस्त ठेवली. १९२२ साली ‘सत्तेचे गुलाम’ रंगभूमीवर आले. वकिलीवर पाणी सोडणारा सुशिक्षित तरुण, कायद्याचा उपयोग दुसऱ्याची मिळकत गिळण्यासाठी करणारा प्रतिष्ठित वकील आणि त्यांच्यामधील संघर्ष यांतून गांधीयुगाचे मूल्यपरिवर्तन नाटकात आले. खाडिलकरांनी आपले राजकारण पौराणिक कथेच्या आवरणाखाली मांडले होते. वरेरकरांनी ते आवरण दूर केले. त्यांचा नायक खादी नेसून आजच्या घरात, आजच्या भाषेत बोलू लागला. रूपकाचा आधार सुटल्याने काव्यात्मता कमी झाली हे खरे. परंतु प्रेक्षकाला स्वतःचाच काळ समोर पाहण्याची सवय याच नाटकांनी लावली.

या नाटकाचे महत्त्व दृश्यरचनेच्या दृष्टीनेही आहे. त्यापूर्वी रंगवलेले पडदे वर-खाली करून राजवाडा, अरण्य, रस्ता अशी स्थळे सुचवली जात. समकालीन कुटुंबाचा प्रश्न अशा पडद्यापुढे मांडला की तो उसना वाटे. ‘ललितकलादर्श’च्या नाटकांसाठी चित्रकार पु. श्री. काळे यांनी केलेल्या नेपथ्यात दारे-खिडक्या असलेल्या खोल्या, खरेखुरे सामान आणि वास्तव घराचा आभास आला. खोलीत बसलेली माणसे व्याख्यान देणाऱ्या नटांसारखी समोर पाहून बोलू शकत नाहीत. ती एकमेकांकडे वळतात, आणि त्यामुळे अभिनयाची रीत बदलते. वास्तववादी नेपथ्य, बोलके संवाद आणि समकालीन विषय ही त्रिपुटी ‘नाट्यमन्वंतर’च्या दशकभर आधी अशी एका व्यावसायिक संगीत मंडळीत एकत्र आली होती. गाण्यांचा मोठा भाग मात्र तसाच राहिला. वैफल्याच्या क्षणी नायकाने थांबून पद म्हणावे, अशी विसंगती या नाटकांत जागोजाग जाणवते. बापूराव पेंढारकरांच्या गायनासाठी प्रेक्षक येत आणि त्या उत्पन्नातूनच नव्या नेपथ्याचा खर्च भागत असे, ही वस्तुस्थिती विसरून या विसंगतीचा न्यायनिवाडा करता येणार नाही.

१९२३ सालच्या ‘तुरुंगाच्या दारात’मध्ये वरेरकर अस्पृश्यतेच्या प्रश्नाकडे वळले. कालक्रम येथे बोलका आहे. महाडचा चवदार तळ्याचा सत्याग्रह १९२७ मधला. वि. दा. सावरकर रत्नागिरीत स्थानबद्ध म्हणून आले ते १९२४ मध्ये, आणि तेथील पतितपावन मंदिर उभे राहिले १९३१ मध्ये. या साऱ्या घडामोडींपूर्वी सवर्ण प्रेक्षकवर्गाच्या करमणुकीवर चालणाऱ्या मंडळीने हा विषय उचलावा, यात व्यावसायिक धोका उघड होता. अर्थात या नाटकाची दृष्टी सवर्ण सुधारकाची आहे. अस्पृश्य मानलेल्या माणसाचे दुःख त्यात त्याच्या स्वतःच्या मुखातून येण्यापेक्षा सुधारकाच्या विवेकबुद्धीला केलेल्या आवाहनाच्या रूपाने येते. दलित साहित्याच्या उदयानंतरच्या वाचकाला ही मर्यादा ठळकपणे दिसते आणि ती नोंदवणे आवश्यकही आहे. परंतु या दृष्टीची मर्यादा दाखवताना तिचे ऐतिहासिक धाडस नाकारण्याचे कारण नाही.

गिरणी, कादंबरी आणि बंगाली साहित्य

नाटकाच्या बरोबरीने वरेरकरांनी कादंबरीलेखनही विपुल केले. ‘विधवाकुमारी’ ही कादंबरी १९२८ ची. बालविवाहाला आळा घालणारा कायदा दुसऱ्याच वर्षी, १९२९ मध्ये संमत झाला. विवाहाचा अर्थही न कळण्याच्या वयात वैधव्य आलेल्या मुलीचा प्रश्न त्यांनी दयेच्या भूमिकेतून न मांडता तिच्या हक्काच्या भूमिकेतून मांडला. ‘गोदू गोखले’सारख्या कादंबरीतूनही स्वतःचे निर्णय स्वतः घेणारी, वाद घालणारी नायिका दिसते. वरेरकरांच्या स्त्रिया पुष्कळदा त्यांच्या पुरुषांपेक्षा अधिक ठाम असतात. इब्सेनच्या नायिकांचा ठसा येथे ओळखता येतो. त्याचबरोबर चाकरमानी पुरुषाच्या गैरहजेरीत घर, शेत आणि सावकार यांना तोंड देणाऱ्या कोकणी स्त्रीचे रूपही त्यामागे असावे. 

या नायिकांना घडवणारा आणखी एक प्रवाह म्हणजे बंगाली साहित्य. वरेरकरांनी बंगाली भाषा आत्मसात केली आणि शरच्चंद्र चट्टोपाध्याय यांच्या साहित्याचे अनुवाद मोठ्या प्रमाणावर करून ते मराठी वाचकांच्या घराघरांत पोहोचवले. शरच्चंद्रांच्या कादंबऱ्यांतील सोशिक परंतु आतून कणखर असलेल्या स्त्रिया, एकत्र कुटुंबातील ताण, जातिनियमांखाली घुसमटणारी माणसे हे विश्व मराठी वाचकाला आपलेसे वाटले, याचे मोठे श्रेय या अनुवादांना आहे. इंग्रजीच्या मध्यस्थीवाचून एका भारतीय भाषेतून दुसऱ्या भारतीय भाषेत होणाऱ्या अनुवादाचे महत्त्व अलीकडच्या तौलनिक साहित्याभ्यासाने अधोरेखित केले आहे. त्या दृष्टीने वरेरकरांच्या या कार्याचा स्वतंत्र अभ्यास होणे उपयुक्त ठरेल.

१९२८ च्या एप्रिलपासून सुमारे सहा महिने मुंबईच्या कापड गिरण्यांत सार्वत्रिक संप झाला आणि त्याच वर्षी गिरणी कामगार युनियनची स्थापना झाली. त्यानंतर अल्पावधीतच वरेरकरांनी ‘सोन्याचा कळस’ (१९३२) हे नाटक आणि ‘धावता धोटा’ (१९३३) ही कादंबरी यांतून गिरणी मालक व कामगार यांच्यातील संघर्ष चित्रित केला. मराठी कादंबरी अद्याप पांढरपेशा कुटुंबाच्या चौकटीत वावरत असताना कामगारांची चाळ आणि गिरणीचे खाते त्यांनी कथावस्तूच्या केंद्रस्थानी आणले. त्यांचा उपाय मात्र वर्गविग्रहाचा नाही. मालकाचे हृदयपरिवर्तन आणि परस्पर विश्वास यांवर त्यांची श्रद्धा आहे. साम्यवादी टीकाकाराला हा समेट भाबडा वाटेल. तरीही औद्योगिक कामगार हा माणूस म्हणून, त्याच्या बोलीसह आणि स्वाभिमानासह, मराठी साहित्यात येण्याच्या प्रक्रियेत या दोन कृतींचे स्थान अग्रभागी आहे.

रंगभूमीचा आधार सुटल्यावर

‘सोन्याचा कळस’ आले त्याच १९३२ साली प्रभात फिल्म कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट प्रदर्शित झाला. गाणे, भव्य दृश्ये आणि स्वस्त तिकीट हे तिन्ही लाभ चित्रपटगृहात मिळू लागल्यावर संगीत मंडळ्यांचा ऱ्हास वेगाने झाला. १९३७ मध्ये बापूराव पेंढारकर निवर्तले आणि ‘ललितकलादर्श’चे ते पर्व संपले. वरेरकरांच्या नाट्यजीवनातील हा खरा दुखवटा होता. ज्या मंडळीच्या नटसंचाला, गायकाला आणि नेपथ्यकाराला डोळ्यांसमोर ठेवून त्यांनी लिहिले, ती नाहीशी झाली. नव्या सुशिक्षित हौशी संस्थांनी तोवर आपला इतिहास स्वतःपासून सुरू केला होता. नवे नाटक आपण आधीच लिहिले होते, हे सांगण्याची वेळ त्यांच्यावर आली. उत्तरायुष्यातील त्यांच्या लेखनात आणि भाषणांत जो वादाचा सूर आढळतो, त्याची संगती या परिस्थितीत लागते.

तथापि ते थांबले नाहीत. सार्वजनिक मान्यताही त्यांच्याकडे चालत आली. १९३८ साली पुणे येथील नाट्यसंमेलनाचे आणि १९४४ साली धुळे येथील मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांनी भूषविले. ‘सारस्वत’, ‘जिवाशिवाची भेट’, ‘अपूर्व बंगाल’ अशी नाटके त्यांनी चौथ्या दशकानंतरही लिहिली. बंगालच्या भूमीवरील फाळणीकाळच्या यातना ‘अपूर्व बंगाल’मध्ये आल्या, ही त्यांच्या बंगालप्रेमाची स्वाभाविक परिणती होती. १९५५ सालच्या ‘भूमिकन्या सीता’मध्ये त्यांनी रामकथेकडे नव्या नजरेने पाहिले. आयुष्याच्या आरंभी कृष्णकथेच्या रूढ मांडणीपासून निघालेला हा नाटककार सत्तरी ओलांडल्यावर पुन्हा पुराणकथेकडे आला. पण या वेळी त्याने त्या कथेला स्त्रीच्या बाजूने प्रश्न विचारले. सीतेबरोबरच ऊर्मिलेच्या मूक त्यागाला त्याने वाणी दिली. ऊर्मिलेच्या भूमिकेत ज्योत्स्ना भोळे यांनी गायिलेली पदे रसिकांच्या दीर्घकाळ स्मरणात राहिली. ‘कुंजविहारी’ ते ‘भूमिकन्या सीता’ हा प्रवास केवळ एका लेखकाचा नाही. पुराणकथेकडे पाहण्याच्या मराठी मनाच्या बदलत्या दृष्टीचाही तो आलेख आहे.

१९५६ साली राष्ट्रपतींनी त्यांची राज्यसभेवर नियुक्ती केली आणि अखेरपर्यंत ते त्या सभागृहाचे सदस्य राहिले. १९५९ मध्ये त्यांना पद्मभूषण हा सन्मान प्राप्त झाला. २३ सप्टेंबर १९६४ रोजी त्यांचे निधन झाले. मालवण येथील नाट्यगृहाला त्यांचे नाव देण्यात आले आहे. ज्या परिसरात त्यांनी मशालींच्या उजेडातील दशावतारी खेळ पाहिले, तेथेच हे स्मारक असणे उचित आहे.

आत्मचरित्राचा पुरावा

वरेरकरांचे ‘माझा नाटकी संसार’ हे चार भागांतील आत्मचरित्र अभ्यासकांच्या दृष्टीने विशेष मोलाचे आहे. मंडळ्यांची अंतर्गत व्यवस्था, तालमी, नटांचे हेवेदावे, पैशांची ओढाताण, प्रयोगांचे दौरे यांचे तपशील त्यात विपुल आहेत. संगीत रंगभूमीच्या आर्थिक आणि सामाजिक इतिहासाची सामग्री शोधणाऱ्याला हा ग्रंथ टाळून पुढे जाता येणार नाही. गणपतराव बोडस यांचे ‘माझी भूमिका’ आणि चिंतामणराव कोल्हटकर यांचे ‘बहुरूपी’ ही नटांनी लिहिलेली आत्मचरित्रे याच काळाचे चित्र रंगमंचावरून दाखवतात. वरेरकर तेच चित्र लेखकाच्या जागेवरून दाखवतात. तिन्ही ग्रंथ शेजारी ठेवून वाचले असता एकाच रंगभूमीचे परस्परपूरक, काही ठिकाणी परस्परविरोधी दर्शन घडते. मात्र वरेरकर आपल्या कथनात साक्षीदार आहेत तसेच पक्षकारही आहेत. आपले अग्रेसरत्व सिद्ध करण्याची तळमळ त्यांच्या निवेदनाला दिशा देते. म्हणून त्यातील तपशील स्वीकारताना मंडळीच्या जाहिराती, समकालीन वृत्तपत्रांतील परीक्षणे आणि इतरांच्या आठवणी यांच्याशी तो पडताळून घेणे इष्ट ठरते.

मूल्यमापन

वरेरकरांवर प्रचारकीपणाचा आक्षेप त्यांच्या हयातीतच घेतला गेला आणि तो निराधार नाही. त्यांच्या कथानकांत योगायोगांची रेलचेल असते, खलपुरुष सरळसोट काळा असतो आणि शेवटी प्रश्नाची उकल सोयीस्करपणे होते. पात्रे कधी कधी लेखकाचे मुखपत्र होतात. लेखनाच्या झपाट्यामुळे रचनेत सैलपणा येतो. राम गणेश गडकरी यांची कल्पनाशक्ती किंवा खाडिलकरांचे नाट्यबंधाचे भान त्यांच्यापाशी नव्हते. विषय काळाबरोबर मागे पडला की नाटकही मागे पडते, हा अनुभव त्यांच्या बहुतेक नाटकांच्या बाबतीत आला. आज त्यांचे प्रयोग होत नाहीत आणि महाविद्यालयीन वाचनातही ती फारशी आढळत नाहीत.

परंतु नाटकाच्या यशाचा एकच निकष मानावा काय, हा प्रश्न वरेरकरांच्या निमित्ताने विचारला पाहिजे. चिरंतनत्व हा एक निकष आहे. रंगभूमीच्या सवयी बदलण्याची क्षमता हा दुसरा. या दुसऱ्या निकषावर वरेरकरांचे कार्य मोठे ठरते. आजच्या घरातील आजची भाषा नाटकात चालते, राजकारणाला पुराणाचा मुखवटा लागत नाही, स्त्री स्वतःच्या विवाहाविषयी युक्तिवाद करू शकते, कामगार नाटकाचा नायक होऊ शकतो, या गोष्टी त्यांनी व्यावसायिक रंगभूमीच्या सर्वसाधारण प्रेक्षकाच्या अंगवळणी पाडल्या. १९३३ चा प्रयोग पाहणाऱ्या प्रेक्षकाची मनोभूमी अशा नाटकांनीच नांगरून ठेवली होती. ‘आंधळ्यांची शाळा’चे श्रेय त्यामुळे उणावत नाही. त्या प्रयोगाने गाणे आणि स्त्रीवेशधारी पुरुष यांच्या बंधनातून नाटकाला सोडवले, जे संगीत मंडळीत राहून वरेरकरांना साधले नाही. दोन्ही घटनांकडे एका सलग प्रक्रियेचे टप्पे म्हणून पाहिले, तरच त्या काळाचे चित्र पूर्ण होते.

म्हणूनच वरेरकरांची नाटके केवळ छापील संहिता म्हणून तपासणे अपुरे आहे. ती कोणत्या मंडळीसाठी, कोणत्या गायकासाठी, कोणत्या नेपथ्याच्या आधाराने आणि कोणत्या कायद्याच्या धाकात लिहिली गेली, हे ध्यानात घेऊन त्यांचे वाचन झाले पाहिजे. तसे झाले, तर ज्यांना दोष म्हणून नोंदवले गेले त्यांपैकी काही व्यवहाराच्या खुणा ठरतील आणि काही दोष दोषच राहतील. या निवाड्यातून हाती येणारा नाटककार कदाचित श्रेष्ठ कलावंतांच्या पहिल्या रांगेत बसणार नाही. मात्र आधुनिक मराठी नाटकाच्या आरंभाची कथा त्याला वगळून सांगता येणार नाही, एवढे निश्चित म्हणता येते.